टिळा वाळायच्या आधी

एकवीस वर्षं झाली, मी संभाजीनगरात एका प्रेसमध्ये डीटीपीचं काम करते. लोकांनी लिहिलेलं टाईप करायचं, पानं लावायची, प्रूफ काढायचं, दुरुस्त्या घ्यायच्या, पुन्हा प्रूफ, पुन्हा दुरुस्त्या, आणि मग सोळा-सोळा पानांचे फॉर्म लावून फाईल खाली मशीनवर सोडायची. लग्नपत्रिका असतात, पतसंस्थांचे अहवाल असतात, पीएचडीचे प्रबंध असतात, पण आमच्याकडं सगळ्यात जास्त काय येत असेल तर कवितासंग्रह. शिक्षक, तलाठी, एसटीतले कंडक्टर, नर्स, वकील, कॉलेजची पोरं, सगळे येतात. कुणी दोनशेपानी वहीत लिहून आणतं, कुणी व्हॉट्सअॅपवर रात्री अकरा वाजता एकेक कविता पाठवतं आणि सकाळी विचारतं ताई लागली का. मला हे काम मनापासून आवडतं, कारण कविता टाईप करणं म्हणजे तिला सगळ्यात सावकाश वाचणं. वाचणारा ओळीवरून सरकून जाऊ शकतो, मला मात्र प्रत्येक काना आणि प्रत्येक वेलांटी बोटातून काढावी लागते, आणि जिथं ओळीत जीव असतो तिथं बोटं आपोआप हळू पडतात, हे मी इतक्या वेळा अनुभवलंय की आता माझा डोळ्यांपेक्षा बोटांवर जास्त भरवसा आहे.

या संग्रहांमधून अजिंठा येतो, वावर येतं आणि संत येतात. फिरून फिरून येतात. यात नवल काहीच नाही. ज्याच्या उशाला पैठण आहे त्यानं नाथांवर लिहायचं नाही तर कुणावर लिहायचं, आपेगाव ज्ञानोबांचं, नर्सी नामदेवांची, गंगाखेड जनाबाईचं, आणि अंबाजोगाईला मुकुंदराज आणि दासोपंत. दासोपंतांची तर पासोडी आहे, पासोडी म्हणजे अंगावर घ्यायचं जाड कापड, त्यावर त्यांनी पंचीकरण, म्हणजे पंचमहाभूतांतून जग कसं झालं त्याचं तत्त्वज्ञान, लिहून काढलंय, मजकूर आणि मधेमधे आकृत्या, चौकटी, सगळं कापडावर. मी पहिल्यांदा तिचा फोटो बघितला तेव्हा माझ्या डोळ्यात पाणी आलं होतं, कारण मजकूर आणि चित्र एका पानात बसवताना आमचा जीव कसा जातो ते मला माहितीय, आणि तिथं तर पुसायची सोयच नाही. म्हणजे चित्र आणि शब्द शेजारी शेजारी नांदवायची रीत आमच्याकडं चारशे वर्षांपासून तरी आहेच.

पण बोटांना एक गोष्ट कळते आणि ती मी आज सांगणारच आहे. बऱ्याच कवितांमध्ये अजिंठा आलेला असतो, कविता आलेली नसते. पद्मपाणी, हातातलं निळं कमळ, अर्धे मिटलेले डोळे, करुणा, शांती, म्हणजे गाईड जे सांगतो ते, आणि त्याच क्रमानं. तुकोबांची एक ओळ घेतलेली असते आणि तिच्याखाली तिचाच अर्थ चार ओळींत सांगितलेला असतो. वावरावरच्या कवितेत भेगा असतात, ढग असतो, बाप असतो. आणि त्या बापाचं दुःख खरं असतं हो, तो कवी माझ्यासमोर खुर्चीवर बसून रडलेला असतो, मी त्याला पाणी आणून दिलेलं असतं, आणि तरी कागदावर आलेली ओळ मी आधी कितीतरी वेळा टाईप केलेली असते. याचं मला फार म्हणजे फार वाईट वाटतं. माणूस खरा आणि ओळ उसनी असं का होत असेल, हा प्रश्न मला कित्येक वर्षं छळत होता, आणि छळायचं मुख्य कारण म्हणजे माझं स्वतःचंही तेच झालेलं होतं.

२०११ च्या हिवाळ्यात मी अजिंठ्याला गेले होते. शाळेच्या सहलीत एकदा गेले होते पण त्यातलं काही आठवत नाही, डबा आणि माकडं तेवढी आठवतात. यावेळी नीट गेले. फर्दापूरच्या फाट्यावरून तिथल्या बसनं वर, खाली वाघोरा नदीला थोडंसं पाणी, आणि घोड्याच्या नालासारखा वळलेला तो कडा. सोळा नंबरच्या लेण्यात चप्पल काढून आत गेले तर आधी काहीच दिसेना. डोळे सरावायला वेळ लागतो, मग भिंतीतून आधी एक हात येतो, मग एक खांदा, मग वाकलेली मान. हे लेणं पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात वाकाटक राजा हरिषेणाचा सचिव वराहदेव यानं करवून घेतलं, तसा लेखच तिथं कोरलाय. आणि त्यात डाव्या भिंतीवर सुंदरी आहे. नंदाची बायको. नंद म्हणजे बुद्धांचा सावत्र भाऊ, तो भिक्खू झाला, त्याचा मुकुट घेऊन सेवक घरी आला आणि तो मुकुट बघून ही कोसळली. इंग्रजांच्या काळात या चित्राला मरणपंथाला लागलेली राजकन्या असं नाव पडलं आणि लोक अजून तेच म्हणतात, पण ती मरत नाहीये. तिला आत्ता कळलंय. एक दासी तिला मागून धरून आहे, बाकीच्या तिच्या तोंडाकडं बघतायत, आणि तिची मान अशी खाली आलीय की बघणाऱ्याचीही मान नकळत तशी होते. माझी झाली होती.

घरी येऊन मी कविता लिहिली. त्यात लवलेली मान होती, दासी होती, मुकुट होता, विझत चाललेले रंग होते. लिहिताना मला रडू येत होतं, हे खरं आहे. एका दिवाळी अंकाला पाठवली तर ती परत आली आणि खाली एकच ओळ होती, चित्राचं वर्णन उत्तम साधलं आहे. मला ते इतकं लागलं की महिनाभर मी स्वतःचं काही लिहिलं नाही, लोकांचं टाईप करत राहिले. राग यायचा की अरे मी रडले होते तिथं उभी राहून. ती फाईल मी ‘सुंदरी फायनल’ नावानं ठेवून दिली, कॉम्प्युटर बदलले, फॉन्ट बदलले, श्रीलिपीचं युनिकोड झालं, ती फाईल मात्र दर वेळी नव्या मशीनवर कॉपी करायची आणि उघडायची नाही.

मग तीनेक वर्षांपूर्वी एक रिटायर झालेले प्राध्यापक प्रेसमध्ये आले. शांत माणूस, हाताने लिहिलेले कागद, अक्षर मोत्यासारखं. गाथासप्तशतीवरचे त्यांचे लेख होते. मी नाव ऐकलेलं होतं, वाचलेलं काही नव्हतं. सातशेच्या आसपास दोन-दोन ओळींच्या कविता, महाराष्ट्री प्राकृतातल्या, म्हणजे आपल्या मराठीची आजी म्हणा, आणि त्या गोळा केल्या हाल नावाच्या सातवाहन राजानं. सातवाहनांची राजधानी प्रतिष्ठान, म्हणजे आपलं पैठणच. साधारण दोन हजार वर्षांपूर्वीची गोष्ट, पुढं त्यात भर पडत गेली. स. आ. जोगळेकरांनी १९५६ मध्ये ती मराठीत आणली. मला वाटलं राजानं गोळा केलंय म्हणजे दरबार असेल, हत्ती असतील. तर तिथं नांगऱ्याचं पोरगं, त्याची बायको, पाटलाची लेक, वाटसरू, सासू, कापसाचं वावर, मोहाची फुलं. आणि नदी. गोदावरीला त्यात गोला म्हणतात. आमचं गाव गंगाखेड तालुक्यात नदीकाठी, आम्ही कुणीच तिला गोदावरी म्हणत नाही, गंगाच म्हणतो, आज गंगेला पाणी सोडलंय, गंगेत म्हशी गेल्यात, असं. तर गोला हा शब्द पहिल्यांदा टाईप केला तेव्हा असं वाटलं की आपल्या घरातल्या माणसाचं लहानपणीचं लाडाचं नाव कुणीतरी आपल्याला सांगितलं.

त्यातली एक गाथा सरांनी मला समजावून सांगितली, ती पुढं काश्मीरच्या आनंदवर्धनानं नवव्या शतकात आपल्या ध्वन्यालोकात घेतलीय. एक बाई देवळासाठी फुलं तोडत हिंडणाऱ्या बुवाला म्हणते, महाराज, आता बिनघोर हिंडा, तुम्हाला त्रास देणाऱ्या त्या कुत्र्याला आज गोलेच्या काठच्या झाडीत राहणाऱ्या माजलेल्या सिंहानं मारून टाकलं. बस, एवढंच. तोंडानं म्हणतेय हिंडा, आणि सांगतेय की पुन्हा इकडं फिरकू नका, ही जागा आमची भेटायची आहे. पैठणच्या नदीकाठची बाई बोलली आणि काश्मिरातल्या पंडितानं ते ध्वनीचं, म्हणजे न बोलता सुचवलेल्या अर्थाचं, उदाहरण म्हणून घेतलं. मला आमच्या गावच्या बायका आठवल्या, सासूसमोर जावेला निरोप द्यायचा असला की अशाच बोलतात, कोंबडीला हाक मारतील आणि माणूस उठून जाईल.

आणि मग माझ्याकडून ती चूक झाली. सरांच्या कागदात एका गाथेच्या अर्थात ‘सणवाडी’ असा शब्द होता आणि मी तो ‘सणावारी’ असा टाईप केला. सणावाराला नटलेली बाई, असं मला वाटलं, कारण त्याच ओळीत रंगवलेलं तोंड होतं, नटी होती. प्रूफ परत आलं तर लाल पेनानं गोल करून बाजूला लिहिलेलं, सण म्हणजे ताग. मी मूळ गाथा शोधून पुन्हा बघितली, ‘हरिआलमण्डिअमुही णडि व्व सणवाडिआ जाआ’. साळीची शेतं पांढुरकी पडायला लागलीयत, म्हणजे आता कापणीला आलीयत, आणि एक पोरगी मान खाली घालून रडतेय. मैत्रीण तिला म्हणते, रडतेस काय, ती बघ तागाची वाडी, हरताळानं तोंड रंगवलेल्या नटीसारखी झालीय. साळ कापली जाणार म्हणजे भेटायची जागा जाणार, म्हणून ही रडतेय, आणि मैत्रीण नुसतं दुसऱ्या पिकाकडं बोट दाखवते. प्रेम हा शब्द नाही, भेट हा शब्द नाही, तो कोण आहे त्याचा पत्ता नाही. दोन पिकं आहेत आणि एक रंग आहे.

हरताळ हा शब्द आपण रोज वापरतो, नियमांना हरताळ फासला म्हणतो, आणि मला तोवर माहीत नव्हतं की हरताळ हा खरोखरचा पिवळा रंग आहे, दगडातून निघणारा, विषारी. जुन्या पोथ्यांमध्ये चुकलेलं अक्षर झाकायला तो लावायचे, म्हणून हरताळ फासणे. म्हणजे आमच्या टेबलावर पूर्वी व्हाईटनरची बाटली असायची तसं. एकच रंग, नटीच्या तोंडावर लावला तर शोभा आणि अक्षरावर लावला तर अक्षर नाहीसं. मी त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत डबा खाल्लाच नाही, तेच घोळत राहिलं.

त्या वर्षी पोळ्याला गावाकडं गेले. श्रावणात झड लागलेली, रस्ता सगळा चिखल. बैलं आता घरी एकच जोडी राहिलीय, त्यांची खांदेमळणी आदल्या दिवशीच झाली होती. दुपारी मी दादाबरोबर गंगेकडच्या वावरात गेले आणि बांधावर चढले तर समोर अख्खं वावर पिवळं. माणसाच्या उंचीचे सरळ दांडे, शेंड्याला पिवळीधमक फुलं, वारा आला की सगळं वावर एका अंगावर झुकायचं आणि परत उभं राहायचं. मी लहानपणी ताग बघितला असणार, पण बघितला नव्हता. नाव माहीत नसताना बघितलेलं आणि दोन हजार वर्षांपूर्वीच्या बाईनं दाखवून दिल्यावर बघितलेलं यात फार फरक आहे. मी तिथंच उभी राहिले.

दादा म्हणाला, “काय बघायलीस गं एवढं? तागच हाय.”

म्हटलं, “फुलावर आलाय ना दादा.”

“तीच तर पंचाईत हाय. पुढं ऊस लावायचाय म्हणून पेरला होता ह्यो, खताला. पंधरा दिवसाखालीच गाडायला पाहिजे होता. पाऊस उघडंना, वाफसा येईना, ट्रॅक्टर घालावं तर फसायलंय. आता दांडा टणक व्हायलाय.”

“टणक झाला तर काय होतं?”

“लवकर कुजत नाही मग. कवळा गाडला की आठ-पंधरा दिवसात मातीत मिसळतोय, कुठं गेला कळत नाही. टणक गाडला की मग ऊस लावताना दांडे वरी येतात, नांगराला अडकतात.”

त्यानं एक झाड उपटून दाखवलं, मुळावर बारीक बारीक गाठी, म्हणाला ह्याच्यात सगळं हाय, हवेतलं खत हे झाड ह्या गाठीत धरतंय. दादा बारावी नापास आहे, आणि त्याला मी दिवसभर काय टाईप करते हे मी कधी सांगितलेलं नाही, पण त्या दोन मिनिटांत माझ्या इतक्या वर्षांच्या प्रश्नाचं उत्तर त्यानं हातात उपटून दिलं. टणक दांडे. माझ्या सुंदरीच्या कवितेत मुकुट तसाच होता, दासी तशीच होती, चित्र जसंच्या तसं उचलून आणून मी मातीत खोचलेलं होतं आणि वाट बघत बसले होते की पीक यावं. ते कुजलंच नव्हतं. आणि जे कवी तुकोबांची ओळ घेऊन येतात त्यांचंही तेच होतं, ती ओळ सुंदर आहे, टणक आहे, आणि त्यांच्या नांगराला ती अडकतेय.

माझी आजी जात्यावर म्हणायची, ‘गंगा आली गं पुराला, माह्यार माझं पल्याड, पाण्याच्या भिंतीला गं, ठेव येवढं कवाड.’ आजीला वाचता येत नव्हतं. जनाबाई आमच्या तालुक्याची, आजीच्या आईनं तिचे अभंग दळताना म्हटलेले, आजीनं ते ऐकलेले, पण आजीच्या ओवीत जनी नाही, विठ्ठल नाही, काही नाही. पूर आहे आणि माहेर आहे. तरी मला ती ओवी ऐकली की जनाबाईच आठवते, देवाला इतक्या हक्कानं काम सांगणारी बाई दुसरी कोण. पाण्याला सांगते की दार ठेव. आजीत जनाबाई पूर्ण कुजली होती, हा शब्द कुणाला बरा वाटणार नाही, पण वावरात उभं राहिलेल्या माणसाला त्याचा अर्थ कळेल.

कवी ना. धों. महानोरांचं असंच वाटतं मला. रानातल्या कविता १९६७ साली आल्या, अजिंठ्याच्या परिसरातलं पळसखेड हे त्यांचं गाव, म्हणजे लेणी त्यांच्या परसात. अजिंठ्यावर दीर्घ कविता लिहिताना ते पद्मपाणीपाशी थांबले नाहीत, त्यांनी इंग्रज चित्रकार रॉबर्ट गिल आणि त्याची इथली प्रेयसी पारो यांची वाट धरली. गिल १८४४ पासून या चित्रांच्या नकला करत इथं राहिला, वर्षानुवर्षं, आणि लंडनला पाठवलेल्या त्याच्या बहुतेक नकला १८६६ मध्ये क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळून गेल्या. पारो १८५६ मध्ये गेली, तिची कबर अजिंठा गावात आहे. नकला जळाल्या, मूळ चित्रं डोंगरात राहिली, आणि शंभर वर्षांहून जास्त काळानंतर कविता उगवली ती भलत्याच ठिकाणी, एका कबरीपाशी. २०२३ च्या ऑगस्टमध्ये महानोर गेले तेव्हा आमच्या प्रेसमध्ये त्या आठवड्यात त्यांच्यावरच्या कविता आल्या, पुष्कळ आल्या, आणि त्यातल्या एका पोरीच्या कवितेत महानोरांचं नावसुद्धा नव्हतं, ज्वारीच्या ताटाला पहाटे लागलेलं दव पुसणारा एक हात होता. माझी बोटं तिथं हळू पडली.

आदर जास्त झाला की काय होतं तेही अजिंठ्यातच बघायला मिळतं. १९२० च्या सुमाराला, हा भाग निजामाच्या राज्यात होता तेव्हा, चित्रांचे पोपडे पडू नयेत म्हणून इटलीहून दोन जाणकार बोलावले होते. त्यांनी पुष्कळ काही वाचवलं, पण रंग पक्के राहावेत म्हणून वर जे लाखेचं व्हार्निश दिलं ते पुढं पिवळं पडलं, काळवंडलं, आणि नंतरच्या लोकांना ते हळूहळू काढत बसावं लागलं. चांगल्या मनानंच केलं होतं त्यांनी. आपणही जुन्या कवितेवर असाच हात फिरवतो, थोर, अजरामर, अलौकिक, आणि मग खालची बाई दिसेनाशी होते.

नाथांचं मला या बाबतीत फार मोठं वाटतं, आणि मी प्रूफवाली असल्यामुळं जरा जास्तच जवळचं वाटतं. नाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत तयार केली. तीनशे वर्षांत पाठ बिघडलेले, कुणी कुणी आपल्या ओव्या मधे घुसडलेल्या, ते सगळं बघून मूळ पाठ लावायचं काम त्यांनी पैठणला बसून केलं. आणि शेवटी बजावलंय की ज्ञानेश्वरीच्या पाठात जो कुणी आपली ओवी घालील त्यानं अमृताच्या ताटात नरोटी ठेवली असं समजा. नरोटी म्हणजे नारळाची करवंटी. किती स्वच्छ सांगितलंय. पण हाच माणूस त्याच पैठणच्या वाळवंटात उभा राहून विंचवाचं भारूड लिहितो, जोशी, गोंधळी, महार, वासुदेव सगळ्यांच्या तोंडानं बोलतो. ज्ञानोबांच्या ओवीत एक मात्रा इकडची तिकडं करणार नाही आणि स्वतःचं लिहायला बसले की ज्ञानोबांसारखा एक शब्द लिहिणार नाहीत. मी प्रूफ तपासताना कधी कधी मनातल्या मनात नाथांना नमस्कार करते.

पोळा करून परत आले आणि सर दुसरं प्रूफ न्यायला आले. मी त्यांना तागाचं सांगितलं, मोबाईलवर काढलेला फोटो दाखवला. त्यांनी चष्मा वर करून तो फोटो मोठा करून करून बघितला, मग म्हणाले, त्यांनीही फुललेला ताग इतकी वर्षं फक्त गाथेतच बघितला होता. मग बोलता बोलता सुंदरीचा विषय निघाला, मी भीत भीत सांगितलं की एक कविता पडून आहे. तर सर म्हणाले, अश्वघोषाचं सौंदरनंद वाचलंय का तुम्ही. नव्हतं वाचलं. संस्कृतातलं अठरा सर्गांचं काव्य, अजिंठ्याच्या त्या चित्राच्या कितीतरी आधीचं, गोष्ट तीच. सरांनी मला चौथा सर्ग तोंडी सांगितला, प्रेसमध्ये उभ्या उभ्या, खाली मशीन चालू होतं म्हणून जरा मोठ्या आवाजात.

सुंदरी नटतेय. तोंडावर नक्षीचा टिळा काढतेय, आणि नंद समोर आरसा धरून उभा आहे. मधेच तो चेष्टा करतो, आरशावर फुंकर घालतो, आरसा धुरकट होतो, ती चिडते, मग तो पुन्हा धरतो. तेवढ्यात बुद्ध दारात भिक्षेला येऊन गेले, कुणाचंच लक्ष नव्हतं, रिकाम्या हातानं परत गेले असं कळतं. नंद म्हणतो मी जाऊन येतो, नमस्कार तरी करून येतो. ती सोडायला तयार नाही. शेवटी म्हणते, जा, पण हा टिळा वाळायच्या आत परत ये.

तो परत आलाच नाही. आला तो मुकुट.

मी सोळा नंबरच्या लेण्यात अर्धा तास उभी होते आणि मला हा टिळा माहीत नव्हता. मुकुट सगळ्यांना माहीत असतो, कारण तो गोष्टीत सांगतात. त्या रात्री मला अजिंठ्याची भिंत वेगळीच आठवायला लागली. तिथला रंग ओल्या गिलाव्यावर दिलेला नाही. चिखलाचा गिलावा, त्यात साळीचा तूस, वर चुन्याचा पातळ हात, आणि तो वाळल्यावर रंग. म्हणजे गाथेतली ती साळ कापली गेली, तिचा तूस भिंतीत गेला, आणि त्या कोरड्या भिंतीवर अशा बाईचं चित्र काढलं जिचा टिळा ओला होता. हे सगळं मीच जुळवत होते हे मला माहीत आहे, चित्रकाराच्या मनात असेल नसेल. पण गंगेकडचं वावर, रडणारी पोरगी, सुंदरी आणि दादाचा ट्रॅक्टर हे सगळं एकाच ठिकाणी गोळा झालं होतं आणि मला झोप येईना. ‘सुंदरी फायनल’ उघडली, पूर्ण वाचली आणि मग नवीन पान घेतलं.

रडू नकोस, म्हणाली मैत्रीण,
साळ गेली तरी ताग उभाय.
तिला कुठं माहीत
आमच्याकडं ताग कापत नाहीत,
फुलावर आला की उभाच गाडतात.

आरसा धर जरा.
टिळा ओला आहे अजून.
ट्रॅक्टर बांधावर आलाय.

एवढीच. पहिल्या कवितेच्या चाळीस ओळी होत्या. ही चांगली आहे की नाही ते मी सांगू शकत नाही, पण ही टाईप करताना बोटं हळू पडली होती, आणि ती माझीच होती तरी पडली होती.

सरांना प्रिंट काढून दिली. त्यांनी सवयीनं खिशातलं लाल पेन काढलं, आणि पहिल्यांदा ‘जरा’ या शब्दावर काट मारली. मग पुन्हा वाचली. मग त्या काट मारलेल्या शब्दाखाली टिंबं टिंबं काढली आणि बाजूला लिहिलं, राहू दे. ज्यांनी प्रूफं बघितलीयत त्यांना माहितीय, काढलेला शब्द परत ठेवायचा असला की असं करतात. तो कागद मी जपून ठेवलाय.

चार दिवसांनी दादाचा फोन आला, वाफसा आलाय, उद्या सकाळी ट्रॅक्टर येतंय. मी म्हटलं दादा, बियाण्याला दोन ओळी ठेव ना बांधाच्या कडंनं. तो म्हणाला बियाणं मिळतंय की इकत, कशाला अडचण. मी म्हटलं ठेव रे. काही बोलला नाही. आमच्या घरात नाही म्हणायचं असलं की माणसं गप्प बसतात, म्हणून मला वाटलं गाडला असणार सगळा.

दिवाळीत गेले तर त्या वावरात उसाची लागण झालेली, सरीत पाणी सोडलेलं, आणि गंगेकडच्या बांधाला तागाच्या दोन ओळी उभ्या, वाळून खारकीच्या रंगाच्या झालेल्या. वहिनीनं एका पिशवीत शेंगा बांधून दिल्या. वाळल्या की त्यांच्यातलं बी सुटं होतं आणि हलवलं की खुळखुळ्यासारखं वाजतं, भाचीनं दिवसभर तेच केलं. त्यातल्या मूठभर मी प्रेसमध्ये आणून की-बोर्डच्या शेजारी एका वाटीत ठेवल्यात. आमचं टेबल मशीनच्या बरोबर वरच्या मजल्यावर आहे, खाली फॉर्म चढला आणि मशीन सुरू झालं की फरशी थरथरते, टेबल थरथरतं, आणि वाटीतल्या शेंगा वाजायला लागतात.